मेघनगरच्या महामंत्र्यांचं निधन

१ जुलै १९८२, गुरुवार
आजपासून रोज डायरी. संपादकाला डिसिप्लिन हवं. 'मेघनगर समाचार'चा पहिला अंक देवळाच्या हॉलच्या दारावर लावला. ढगांवर वसलेलं शहर, तिथला राजा, तिथल्या बातम्या. सगळं माझ्या डोक्यातून. मी शिकवतो त्या संध्याकाळच्या मराठी क्लासला नऊ मुलं येतात. क्रिओल बोलणाऱ्या या बेटावरच्या मराठी असोसिएशनचे प्रेसिडेंट राधाकृष्ण काका म्हणतात, गणपतीपर्यंत बारा झाली नाहीत तर क्लास बंद. माझा पेपर वाचायला बारा काय, पन्नास येतील.
मुख्य बातमी: राजवाड्याचे नळ कोरडे.

२ जुलै
देवळात पाय धुवायला गेलो तर नळ कोरडा. योगायोग.

८ जुलै
दुसरा अंक. राणीची लाडकी बकरी बेपत्ता. दारापाशी अर्धा तास उभा राहिलो. वाचताना कोणी दिसलं नाही. माझ्यासमोर वाचायला लाजत असतील.

९ जुलै, सकाळी ६.१०
शेजारची भगवती कुंपणाशी रडत होती. तिची बकरी सापडत नाही.
चहा सांडला. मी लिहितो ते घडतं. दुसरं स्पष्टीकरण नाही. पोस्टात दिवसभर शिक्के उलटे मारले. एवढी ताकद एका पोस्ट क्लार्कच्या हातात देणं बरं नव्हे, पण दिली आहे त्याला मी काय करणार.
संकल्प: यापुढे फक्त शुभ बातम्या.

१५ जुलै
संकल्प मोडला. चूक माझी नाही. काकांकडे खडूचा नवा डबा मागितला, तर म्हणाले, मुलं नाहीत तर खडू कशाला. संतापाच्या भरात तिसरा अंक लिहिला: 'मेघनगरचे वृद्ध महामंत्री चंद्रचूड यांचे अल्पशा आजाराने निधन. हातात काठी, पायात रबरी बूट, स्वभाव चिकट.' काकांच्या हातात काठी असते. पायात रबरी बूट असतात.
लावून टाकला. आता जरा हलकं वाटतंय.

१६ जुलै
काका खोकतायत.
अंक काढायला धावलो. दारावर अंक नाही. म्हणजे कोणीतरी नेला. म्हणजे पसरला. माझ्या हातून माणूस मरणार. बायकोला, कुंतीला, सांगितलं नाही. बायकांना असलं पेलवत नाही.

१८ जुलै, रविवार
प्लॅन: काकांवर लक्ष. सकाळी गेलो, पोस्टाची तिकिटं हवीत का विचारलं. दुपारी गेलो, सकाळी विचारलं होतं का विचारलं. संध्याकाळी काकांनीच विचारलं, मला घरी काही काम नाही का. जिवंत आहेत. खोकला आहे.

२२ जुलै
उपाय सापडला. चौथा अंक: 'महामंत्री चितेवरून उठून बसले!' या वेळी मोठ्यानं वाचून दाखवला. सगळ्यांत लहान चंद्रिका रडत घरी गेली. तिची आई म्हणते, भुताच्या क्लासला पाठवणार नाही.
आता मुलं आठ.

२५ जुलै, रविवार
कालचं लिहायलाच हवं. रेडिओवर संध्याकाळच्या मयताच्या बातम्या चालू होत्या. सगळं गाव त्या ऐकतं, मी तर या आठवड्यात रेडिओला कान चिकटवूनच. 'राधाकृष्ण' एवढंच ऐकलं आणि पुढचं काही ऐकूच आलं नाही. पांढरा शर्ट घातला. मयताच्या घरी न्यायची म्हणून कॉफीची पूड आणि बिस्किटं घेतली. वाटेत रडलो. खरं रडलो.
दार काकांनीच उघडलं. बिस्किटं घेतली आणि म्हणाले, "बे, कोन गेला?"
मी म्हणालो, तुम्ही.
मग सगळं कबूल केलं. नळ, बकरी, महामंत्री. काका शांतपणे बिस्किट खात होते. म्हणाले, पेपर त्यांनीच काढून घरी ठेवलाय. बाहेर भिजेल म्हणून. वाचला नाही. "मला वाचता येत नाय, गुरुजी. जलम उसात गेला, लेकोलची पायरी कधी चढला नाय." मराठी असोसिएशनचे प्रेसिडेंट! गेली अकरा वर्षं माझे अर्ज ते तोंडासमोर धरून मान हलवतात.
मला म्हणाले, वाच. मी त्यांचं निधन त्यांना वाचून दाखवलं. 'चिकट'ला थोडा अडखळलो. त्यांनी विचारलं, माणसं किती आली. मी लिहिलंच नव्हतं. म्हणाले, "लिव. पार त्रियोलेपासून येऊ देत."
रेडिओवरचे राधाकृष्ण मोका गावचे, दुसरेच कोणीतरी होते.
घरी येऊन कुंतीला माझ्या शक्तीबद्दल सांगितलं. ती भांडी घासत होती. "तुमी फू झाले का? नळ बुधवारीच आटलेला, मीच बोलली जेवताना. भगवतीची काब्री पळाली ती पण मीच बोलली. काकाचा खोकला पण. तुमी ऐकता नाय, निस्ता लिवता."
वेडा तर वेडा. पण म्हणजे मेघनगरची बातमीदार कुंती. मी नुसता कारकून. तिथेही.

२९ जुलै, गुरुवार
पाचवा अंक लावला नाही. क्लासला आठ मुलं. साडेचारला काका रबरी बूट काढून आत आले आणि पहिल्या बाकावर बसले. बरोबर खडूचा नवा डबा. 'रा' लिहायला वीस मिनिटं लागली. मुलं हसली नाहीत. काकांनी विचारलं, महामंत्र्यांची बातमी स्वतः वाचायला किती दिवस लागतील. मी म्हणालो, दिवाळीपर्यंत नक्की.
काका खोकले. बराच वेळ खोकत राहिले.
मी काहीच लिहिलं नव्हतं. तरी भीती वाटली.