पाण्यात बोट

३ मार्च, मंगळवार

सगळं बदललं ते आज सकाळी सव्वानऊला, तिने तिच्या घराची किल्ली माझ्या हातावर ठेवली तेव्हा. नऊ वाजेपर्यंत मी कॉलेज अर्धवट सोडलेला, घरच्यांच्या डोक्याला ताप झालेला पोरगा होतो. सव्वानऊनंतर दोन खोल्या, एक गॅलरी आणि त्रेसष्ट अंडी सांभाळणारा जबाबदार माणूस आहे.

अंडी ॲक्सोलॉटलची. हा प्राणी जन्मभर पाण्यात राहतो, वीतभर वाढतो आणि त्याच्या डोक्याभोवती पिसांसारखे कल्ले असतात. पाय तुटला तर नवा उगवतो. तो कसा उगवतो हे शोधण्यात तिची तीन वर्षं गेली आहेत. आता आठ आठवडे ती दुसऱ्या गावच्या प्रयोगशाळेत शिकायला गेली आणि अंडी काही सोबत नेता येत नाहीत.

माझ्यावर विश्वास टाकावा असं माझं वागणं नाही. गेल्या वर्षी आमच्या कॉलेजातल्या तिच्या प्रयोगशाळेच्या प्रमुखांनी तिला चारचौघांत झापलं आणि मी त्यांची कॉलर धरली. माझं कॉलेज सुटलं ते तिथे. मला वाटलं ती खूश होईल. ती चार महिने माझ्याशी बोलली नाही. आज निघताना जिन्यात थांबून म्हणाली, “भडक्या, एक गोष्ट न तोडता सांभाळून दाखव. मग आपण बोलू.”

मग आपण बोलू! दिवसभर हे तीनच शब्द चघळतोय.

कामं समजावून गेली. पाणी आदल्या दिवशी बादलीत भरून ठेवायचं, रोज पूर्ण बदलायचं. पाणी गार हवं, पण ते बघायला ती काही यंत्र वापरत नाही. उघडं बोट बुडवते, डोळे मिटते आणि म्हणते, “ठीक.” बाहेरून आली की चप्पल पायात तशीच, पिशवी खांद्याला तशीच, आधी बोट पाण्यात. त्या बोटाकडे बघत मी निम्म्या सूचना ऐकल्याच नाहीत, हे इथे कबूल करतो.

तिला सोडून परत आलो आणि खिशात किल्ली असताना दार वाजवलं. नेहमीसारखं: डाव्या हाताची दोन बोटं दुमडून दोनदा, थोडं थांबून एकदा. डाव्या हाताने, कारण उजव्या हातात कायम तिच्यासाठी आणलेलं काहीतरी असायचं. या टकटकीवरून ती आतूनच मला ओळखायची. आज आत कोणी नव्हतं. तरी वाजवलं. वेडेपणा.

८ मार्च, रविवार

फुटली! त्रेसष्टपैकी एकेचाळीस जगली. प्रत्येक पिल्लू नखाएवढं, काचेसारखं आरपार, वर दोन काळे ठिपके म्हणजे डोळे. त्यांना पापण्या नसतात. दोन दिवस काही खात नाहीत, पोटातल्या पिवळ्या पिशवीवर जगतात.

ताईचा फोन आला होता. म्हणाली, इंजिनियर होणार होतास, बेडकांची दाई झालास. मी म्हटलं बेडूक नव्हेत. ती म्हणाली, फरक सांग. सांगायला लागलो तर पाच मिनिटांनी तिनेच फोन ठेवला.

१० मार्च, मंगळवार

पहिलं जेवण. ही पिल्लं फक्त हलणारं खातात, मेलेल्याकडे ढुंकून बघत नाहीत. म्हणून डब्यातली कोळंबीची वाळकी अंडी, दिसायला लाल वाळूसारखी, मिठाच्या पाण्याच्या बाटलीत टाकायची, पंपाने हवा सोडायची. दीड दिवसात त्यातून नारिंगी ठिपके पोहायला लागतात. ते फडक्यातून गाळायचे, गोड्या पाण्याने धुवायचे, ड्रॉपरने सोडायचे. एकेचाळीस पोटं नारिंगी झाली. टबासमोर मी दीड तास पालथा पडून होतो. आयुष्यात पहिल्यांदा कोणाचं तरी पोट माझ्यामुळे भरलं.

तिला फोटो पाठवला. तिने उत्तरात नुसतं “ठीक” लिहिलं. मला डोळे मिटलेली ती दिसली.

२३ मार्च, सोमवार

माझं चुकलं. पुढचे पाय फुटले की प्रत्येकाला वेगळं करायचं, असं तिने दोनदा बजावलं होतं. पाय शुक्रवारीच दिसले. पण तिचा तीन दिवस फोन नव्हता, मी फुरंगटून बसलो, म्हटलं उद्या बघू. आज सतरा पिल्लांना पाय नाहीत. एकमेकांचे खाल्ले. एकाच्या तोंडातून दुसऱ्याचा पाय बाहेर लोंबत होता आणि तो दुसरा शेजारीच निवांत पडून होता.

धावत जाऊन प्लास्टिकचे पेले आणले. आता टेबलावर एकेचाळीस पेले, प्रत्येकात एक. खालच्या घरमालकीण काकू म्हणाल्या, वर चहाची टपरी काढलीस की काय.

संध्याकाळी तिचा फोन आला. सगळं छान आहे म्हणालो. पाय काय, उगवतीलच.

२९ मार्च, रविवार

फोनवर तिच्या मागे एक पुरुष हसला. तिला एकेरीत हाक मारली, लाडाने. मी विचारलं कोण. ती म्हणाली, बरोबर शिकणारा आहे, तुला काय करायचंय. फोन ठेवल्यावर हाताशी लागलं ते भिरकावलं. ते म्हणजे कोळंबीच्या अंड्यांचा डबा. थेट बादलीत. एकदा भिजलेली अंडी परत वाळवून उपयोग नाही.

तीन दुकानं पालथी घातली. मासेवाले काका म्हणाले, दहा-बारा दिवस तरी माल नाही. हलणारं दुसरं काही मागितलं तर म्हणाले, या उन्हात तुझ्याशिवाय काही हलत नाहीये, बाळा.

१ एप्रिल, बुधवार

तीन दिवस उपाशी. गांडूळ बारीक चिरून बघितलं. दोऱ्याला बांधून हलवून बघितलं. नाही. पोटं आत गेलीत, पेल्याच्या भिंतीला तोंड लावून बघत राहतात. तिला सांगायचं तर डब्याचं सांगावं लागेल. काय तोडलंस, हेच विचारेल.

दुपारी बाटली धुताना फुटली, डाव्या हाताचं मधलं बोट कापलं. पेल्यावरून हात नेताना थेंब पडला. आत एकदम वळवळ. मी बोट थोडं बुडवलं, हलवलं.

त्याने धरलं.

दुखलं नाही. गुदगुल्यांसारखं वाटलं. सोडलं तेव्हा त्याचं पोट गुलाबी होतं.

एकेचाळीस पेले फिरलो.

४ एप्रिल, शनिवार

सगळी जिवंत आहेत. सगळी! दुप्पट झालीत. दिवसातून दोनदा देतो, आता तर्जनीही. काप कधीच बुजला, रक्त येत नाही, तरी खातात. बोटांची टोकं पांढरी, मऊ पडली आहेत. तिला नवे फोटो पाठवले. म्हणाली, मला जमत नाही इतकं छान वाढवलंस. एवढं ऐकायला हात गेला तरी चालेल, असं मनात आलं.

१२ एप्रिल, रविवार

नवा डबा मिळाला. कोळंबी काढली, सोडली. एकानेही तोंड उघडलं नाही. कोळंबी त्यांच्या नाकासमोरून पोहते आहे आणि ती माझ्याकडे बघतायत.

सतराही जणांचे पाय परत आले. आनंदाने भिंग घेतलं.

तिच्या भिंतीवरच्या चित्रात पुढच्या पायाला चार बोटं आहेत. यांना पाच. बारीक, पण पेरं आहेत, दुमडतात. पहिल्या पेल्यातल्याच्या एका बोटाला नख आहे.

माझ्या मधल्या बोटाचं वरचं पेर नाही. कधी गेलं कळलं नाही. जखम नाही. टोक गुळगुळीत, मळलेल्या कणकेसारखं.

१३ एप्रिल, सोमवार

बंद. आजपासून काही देणार नाही.

संध्याकाळपर्यंत चार मेली. इतर पेल्याच्या भिंतीवर हात ठेवून उभी. हात लिहिलं मी. पाय.

उरलेल्यांना दिलं. सदतीस.

नाही, आत्ता परत मोजली. ती चारही हलतायत. एकेचाळीस.

१६ एप्रिल, गुरुवार

एका पेल्यात मीठ टाकलं. मूठभर. तिला सांगणार होतो आजारी पडून गेलं.

जिथे माझं बोट नाही, तिथे आग लागली. नसलेल्या बोटाला. ओरडत त्याचं पाणी बदललं. आग थांबली. ते तळाशी पडून श्वास घेत होतं, मीही.

मारता येणार नाहीत. माझंच आहे ते आत.

१९ एप्रिल, रविवार

काकूंनी जिन्यात अडवलं. हात सारखा खिशात का, विचारलं. मी म्हटलं भाजलाय. मग म्हणाल्या, आणि एक सांग, किल्ली तुझ्याकडे, घरात तू एकटा, मग रोज दुपारी दार कोणासाठी वाजवतोस? दोनदा, मग एकदा. आमची झोपमोड होते.

पहिल्या दिवसानंतर मी दार वाजवलेलं नाही.

२१ एप्रिल, मंगळवार

ऐकलं. भर दुपारी, पडद्याआडून ऊन येत असताना. पेल्यांतून. प्लास्टिकवर बारीक, नखाने.

दोन. थांबून एक. एकाने सुरू केलं, मग सगळ्यांनी—

डाव्या हाताला आता तीन बोटं. ज्या दोन बोटांनी वाजवायचो ती—

२३ एप्रिल, गुरुवार

ती लवकर येतेय. परवा. आवाज इतका आनंदी होता. म्हणाली, आल्या आल्या आधी त्यांना बघणार, मग तुला.

मला दिसलं. चप्पल पायात, पिशवी खांद्याला, बोट—

सांगितलं, पाण्यात बोट घालू नकोस. हसली. परत सांगितलं. का म्हणाली. मी ओरडलो, खूप ओरडलो, सांगतो तेवढं ऐक म्हणून.

“काय तोडलंस, भडक्या?”

फोन ठेवला तिने. आता उचलत नाही.

२४ एप्रिल, शुक्रवार

दिलं नाही. दिवसभर. हात दुखतो, नसलेला.

पेल्यांवर पुस्तकं ठेवली. तिची जाड पुस्तकं. हलतायत.

२५ एप्रिल, शनिवार

पुस्तकं खाली. पेले रिकामे, पिल्लं कुठेच दिसत नाहीत. एकेचाळीस. फरशीवर ओल, दाराकडे गेलेली, आणि ओलीत ठसे. पाच पाच बोटांचे—

खाली गाडी थांबली. काकूंशी बोलण्याचा आवाज. तीच.

तिच्याकडे दुसरी किल्ली आहे. थांबवायला मीच हवा. जिन्यातच सगळं सांगणार, डबा, मीठ, हात दाखवणार. तोंड बघणार नाही माझं परत. चालेल. बोटं शाबूत राहू देत तिची.

बाहेर आलो. दार ओढून घेतलं. कुलूप लावलं. पाठ दाराला लावून उभा आहे, वही पोटाशी धरून लिहितोय, कारण मला बोलता आलं नाही तर तिने हे वाचावं. आत जाऊ नकोस. पाण्यात

पायऱ्या चढतेय. पिशवी कठड्याला घासतेय.

मागे, खाली, उंबऱ्याच्या उंचीवर वाजलं. दोन. मग एक.

ती जिन्याच्या वळणावर थांबली. हसली. राग गेलाय आवाजातला. “ओळखलं रे,” म्हणाली, “आले.”

मी नव्हे. माझे दोन्ही हात वहीवर आहेत. मी नको नको म्हणून मान हलवतोय— ती धावत चढतेय, किल्ली हातात काढून— मागे परत, आतून, आता सगळी मिळून— दोन. आणि