दिवसा सांगितलेला समुद्र

मी, गोजाबाई कोम कै. अर्जुनराव शेलार, धंदा शेती, राहणार काळेवाडी, तालुका हवेली, जिल्हा पुणे, हे मृत्युपत्र स्वतःच्या हाताने, पूर्ण शुद्धीत आणि पूर्ण रागात लिहून ठेवते. राग म्हणजे वेड नव्हे. वैद्यांनी माझी छाती तपासून दिवस थोडे उरले असे सांगितले; डोक्याबद्दल त्यांची काही तक्रार नव्हती. कोणाच्या दडपणाखाली लिहीत नाही. माझ्यावर दडपण आणील असा माणूस शेलारांच्या घरात जन्मला नाही.

कलम एक. राहते घर, मागची पडवी, दोन म्हशी व अंगावरचे दागिने माझी एकुलती मुलगी रंभा, सध्या सासरी थेरगाव, हिला द्यावेत. माझे धाकटे दीर बबनराव यांनी यात हात घालू नये. त्यांच्या आणि माझ्या घरामधल्या भिंतीतला दरवाजा मी विटा लावून बंद केला आहे. तो बंदच राहील.

कलम दोन. माझा तांब्याचा हंडा बबनरावांच्या बायकोने, कुशाबाईने, बारशासाठी म्हणून नेला. त्या बारशाच्या पोराला आता मिशा फुटल्या. हंडा तिलाच राहू द्यावा, पण माझ्या तोंडात शेवटचे पाणी घालायला त्यातले आणू नये.

कलम तीन. समुद्र. तळेगावचे वकील म्हणाले, समुद्राचा सातबारा नसतो, तेव्हा तो कोणाला देता येत नाही. त्यांना चहा पाजून परत पाठवले.

समुद्र आमच्या परसामागच्या माळावर आहे. दिवेलागणीनंतर मी ओट्यावर बसून सांगायला लागले की तो येतो. मी लाटा सांगितल्या तर लाटा येतात. वारा सांगायचा राहिला तर त्या संध्याकाळी पान हलत नाही. ऐकणाऱ्याने मात्र हुंकार द्यावा लागतो. हुंकार थांबला की पाणी ओसरते आणि माळावर कुसळांत खेकडे फिरत राहतात. पाण्यात गेलेले माणूस पाण्याबरोबर सुखरूप असते, पुन्हा सांगितले की दिसते.

मी लग्न होऊन आले तेव्हापासून हुंकार बबनराव देत. आमचे यजमान पहिल्याच लाटेला घोरायचे, रंभा दुसऱ्या लाटेला झोपायची. बबनराव कधी झोपले नाहीत. प्रत्येक बेट, प्रत्येक खडक त्यांना तोंडपाठ. त्या काळात ते मला सख्ख्या भावासारखे वाटत, याचा आता संताप येतो.

सख्खा भाऊ माझा गेनू, पिंपरीला कारखान्याच्या बांधकामावर गवंडी. काम सुटले की तो इकडे येई. त्याच्यासाठी मी बाभळीची होडी सांगितली होती. ती घेऊन तो मासे मारायला जाई आणि गोष्ट आटपताना मी त्याला परत आणी. गेल्या वर्षी माघात मला खोकल्याची उबळ आली, म्हणून त्याला लांबच्या बेटावर मुक्कामाला ठेवून गोष्ट थांबवली. उद्या आणते म्हणाले.

दुसऱ्या दिवशी भर दुपारी बबनरावांनी गोदामासाठी जागा बघणारे दोन शेठ माळावर आणले. इथे पाणी किती आहे ते दाखवून भाव चढवावा म्हणून त्यांनी स्वतः समुद्र सांगितला. उन्हात. पाणी आले, शेठजींच्या बुटांत शिरले, आणि ते मोटारीत बसून जे पळाले ते आजवर फिरकले नाहीत. दिवसा गोष्ट सांगितली तर मामा वाट चुकतो, हे काळेवाडीतले शेंबडे पोरही जाणते. गेनू रंभाचा मामा आहे. हे लक्षात नव्हते, असे बबनरावांनी देवळात उभे राहून सांगावे.

मी जाब विचारला तेव्हा ते म्हणाले, “वैनी, पोरासोरांचं खूळ हाय ते. येईल की गेनू.”

आला नाही. तेव्हापासून मी रोज सांगते, रंभा माहेरी आलेली असली तर ती, नाहीतर शेजारच्या तानाबाई हुंकार देतात. ओट्यावर कंदील ठेवते. गेनूची हाक येते, कधी नदीच्या अंगाने, कधी पार चाकणकडून. “आक्का, दिवा कुठं हाय?” मी दिशा सांगते आणि तो उलटा वळतो. पण हल्ली हाक जवळून येते. वल्ह्याचा आवाज ऐकू येतो.

मी मेले आणि सांगणारे कोणी उरले नाही तर समुद्र जाईल, आणि गेनू त्यात आहे. रंभाला शिकवायला बसले होते. तिने सांगितले तर डबके येते. सगळा समुद्र माझ्याखेरीज एकाच माणसाला येतो. त्याचे नाव लिहिताना टाकाचे टोक मोडले, दुसरा आणावा लागला.

सबब हा समुद्र, बेटे, वारा आणि भरती-ओहोटीसह, मी दीर बबनराव शेलार यांना देते. याला क्षमा समजू नये. क्षमा या मृत्युपत्रात कोणालाच दिलेली नाही. त्यांनी रस्त्याने वळसा घालून यावे, पाय धुऊन माझ्या जागी बसावे आणि दिवेलागणीनंतरच सांगावे. सुतक, दहावा, तेरावा काही बघू नये. मी ज्या दिवशी जाईन त्याच संध्याकाळी सुरुवात करावी. गेनू किनाऱ्याला लागला की समुद्र गेनूचा. बबनरावांनी उठून घरी जावे. त्यांना चहा विचारू नये.

गेनू हाक मारील ती मलाच मारील. बबनरावांनी दिवा कुठे आहे ते नीट सांगावे. मी गेल्याचे मात्र, त्याचा पाय जमिनीला लागेपर्यंत, सांगू नये. आक्का कुठे आहे असे त्याने विचारले, तर आक्का हुंकार देतेय म्हणावे.

मजकूर वाचून पाहिला. रागाचा एकही शब्द कमी केलेला नाही.

स्थळ : काळेवाडी
दिनांक : ११ डिसेंबर १९५६

दस्तुर खुद्द : गोजाबाई कोम अर्जुनराव शेलार

साक्ष :
१. चिमाजी, किराणा दुकानदार, काळेवाडी (सही)
२. तानाबाई, शेजारीण (निशाणी डाव्या हाताचा अंगठा)