धरणावरचा माझा आवाज

२ सप्टेंबर
आज धरणावर रुजू झाले. हुद्दा उद्घोषकाचा. दरवाजे उघडण्याआधी माईकवर सांगायचं, पाणी सोडत आहोत, नदीकाठ सोडा, उंचावर जा. काठाकाठाने बेचाळीस कर्णे आहेत, पहिला धरणाच्या पायथ्याशी, ताईच्या वस्तीत. चाचणीला बोलले, तर तिचा लगेच फोन, की घरी तुझ्या तोंडून शब्द फुटायचा नाही आणि आता अख्ख्या गावाचे कान किटवणार! दरवाजे सांभाळणाऱ्या काकांनी माझ्यासाठी खिडकीजवळची खुर्ची पुसून ठेवली होती. तिथून सगळी नदी दिसते. मजा आहे.

५ सप्टेंबर
तिसरा दरवाजा आपोआप वीतभर वर गेला. पडद्यावर मात्र 'बंद'. काकांनी चाक फिरवून तो हाताने खाली घेतला. धरणाचे साहेब म्हणाले, बाहेरचं कोणीतरी संगणक यंत्रणेत शिरलंय. दुपारी राजधानीतल्या सायबर कक्षाचं पत्र आलं: यंत्रणा चालूच ठेवा, कशालाही हात लावू नका, कुठे वाच्यता नको, पुरावे गोळा करायचे आहेत. काकांनी चष्मा लावून ते दोनदा वाचलं. म्हणाले, घर पेटलंय आणि हे राखेचा नमुना मागतायत.

७ सप्टेंबर
माझ्या हातात चहाचा कप होता. माईक बंद. आणि कर्ण्यांतून मी बोलले. नळाचं पाणी दूषित झालंय, उद्या सकाळी दहाला नदीकाठी टँकर येतील, भांडी घेऊन या. 'दूषित' म्हणताना मी किंचित अडखळते, ते अडखळणंसुद्धा होतं. सगळे माझ्याकडे बघत राहिले. खुलासा करायला धावले, तेवढ्यात कक्षाचा फोन, की खुलाशाने घबराट पसरेल, परवानगीशिवाय एक शब्द नाही. साहेबांनी माईक काढून कपाटात ठेवला. कुलूप लावून किल्ली खिशात टाकली.

८ सप्टेंबर, सकाळ
काठावर बादल्या, कॅन, माणसं. ताईला फोन लावला. ती म्हणाली, आत्ताच तर तुझा फोन येऊन गेला, लवकर ये म्हणालीस, लाल बादली घेऊन आलेय की काठावर.
"ताई, ती मी नव्हते."
ती हळूच म्हणाली, "मग आता बोलतेय ती कोण?"
फोन कट.

तिसरा दरवाजा पुन्हा हलतोय. कक्षाला कळवलं. त्यांच्या पडद्यावर 'बंद' आहे, म्हणून बंदच आहे म्हणे. काका खाली चाकाला भिडलेत. मी धरणाच्या भिंतीवर आलेय. इथे जुना भोंगा आहे, हाताने दांडा फिरवून वाजवायचा. साहेब मागोमाग आले, परवानगी नाही, निलंबित व्हाल म्हणाले.
"करा निलंबित. लेखी द्या, पण नंतर."
फिरवला.

९:४०
तळहात सोलले. साहेबांनी कोट काढून ठेवला, दांडा घेतला. आता आळीपाळीने. माणसं वर बघतायत, पण हलत नाहीत. भोंगा थांबला की ती बोलते — भोंगा खोटा आहे, जागेवरच थांबा — म्हणून थांबायचं नाही —

९:५२
काही जण चढायला लागले. लाल बादली — ताईच — बादली टाकली तिने. चढतेय!
दरवाजा अजून — काकांची हाक येत नाही —

कर्णे आता माझं नाव घेतायत. माझ्याच आवाजात. खाली उतर म्हणतायत, फक्त मलाच —
नाही उतरत.
साहेब दमले. दांडा मी