बर्फावरची पावलं

मंगळवार, नोव्हेंबर. संध्याकाळ, गंगापूर रोड

हिमनदीवरचा लेख आज संपवायचा होता, राहिलाच. उन्हाळ्यात नीलमसोबत, माझ्या कॉलेजातल्या मैत्रिणीसोबत, पार उत्तर ध्रुवाजवळ जाऊन आले. तिथला बर्फ दरवर्षी किती मागे हटतो, ते ती मोजते. तिथली शांतता नीट आठवावी म्हणून फोनवरचं रेकॉर्डिंग लावलं. तेवढ्यात माझा नवरा सुहास निफाडच्या द्राक्षबागेतून घरी आला. चहा पिता पिता तोही ऐकू लागला.

"तुमच्या मागे कोण चालतंय?" त्यानं विचारलं.

कुणीच नव्हतं. त्या बर्फावर आम्ही दोघीच, आणि तेव्हा तर डबा खायला बसलो होतो. तरी पावलं ऐकू येतात. थोडी पडतात, थांबतात, पुन्हा पडतात. मला तेव्हा कशी ऐकू आली नाहीत?

नीलमला फोन केला, त्या पावलांचं विचारलं.

"मला तेव्हाच ऐकू आलं होतं गं. तू घाबरशील म्हणून काही बोलले नाही, नुसती घाई करून तुला उठवलं. खालून पाणी वाहतंय, बर्फ आतून पोकळ झालाय. आपण बसलो होतो ना, तो भाग मागच्या महिन्यात कोसळला."

हे लेखात यायलाच हवं. सुहासला सांगितलं, तर त्यानं नुसता माझा हात धरला.

पाणीच असेल. पण पाणी असं थांबून थांबून चालतं? आणि शेवटी शेवटी ती पावलं जवळ येत होती, हे मी नीलमला सांगितलंच नाही.