पंपाची किल्ली आणि विहिरीतली राणी

१२ ऑगस्ट
पालेर्मोत पाणी आता चार दिवसांतून एकदा. सकाळी सात ते नऊ. तेही पंप लावला तरच गच्चीवरच्या टाकीत चढतं. बिल्डिंगमध्ये रोज भांडणं. शहराला आज कशाची गरज असेल तर कलेची! मी, एर्सीलिया, बत्तीस वर्षं रंगभूमीवर. (सध्या काम नाही. नुकसान त्यांचं.) ठरलं. पाण्याच्या दिवशी चौकात गोष्ट सांगायची, आपल्या सिसिलीतल्या जुन्या कथेकऱ्यांच्या पद्धतीने, पाय आपटत, लाकडी तलवार परजत. गोष्ट माझीच: विहिरीत पडलेली राणी.

१३ ऑगस्ट
मीटिंग. पंपाची किल्ली माझ्याकडे! तळमजल्यावरच्या प्रोविदेंझाकाकू म्हणाल्या, हिलाच द्या, दिवसभर घरीच तर असते. टोचलं. पण विश्वास तो विश्वास.
चौथ्या मजल्यावरची अगाता दीड महिन्याचं बाळ घेऊन आली होती. म्हणाली, ताई, सातला म्हणजे सातला हं, लंगोट धुवायला पाणी नाही. मी म्हटलं, निर्धास्त राहा.

१४ ऑगस्ट
पंप सातला. गोष्टही सातला. लोक आपले बादल्या घेऊन इकडून तिकडे. काकू म्हणाल्या, बाई गं, ती तलवार जरा बाजूला घे, मला जाऊ दे. शेवटपर्यंत बसले एकटे आमच्या बिल्डिंगमधले म्हातारे डॉन गास्पारे. ठार बहिरे. टाळ्या मात्र कडकडून.
दोष माझा नाही, पंपाच्या घरघरीचा.

१५ ऑगस्ट
भर उन्हाळ्यातला मोठा सण. पाण्यावाचून यंदा कुणी सणाची टरबुजाची जेली केली नाही. मी दिवसभर गोष्टीसाठी पाय आपटायची प्रॅक्टिस केली. खालून काकूंनी झाडूने छत ठोकलं.

१८ ऑगस्ट, सकाळी ६.४५
नवी योजना. आधी दहा मिनिटं शांततेत गोष्ट. मग पंप.

९.३०
काय रंगली! सगळे उलट्या बादल्यांवर बसून. काकूंनी अ‍ॅप्रनने डोळे पुसले. अगाता बाल्कनीत, बाळाला थोपटत. राणी दोराला लोंबकळतेय, दोर तुटत चाललाय, आणि तेवढ्यात अगाता किंचाळली: अहो, नऊ वाजले!
किल्ली माझ्या खिशात. टाकी कोरडी. पुढचं पाणी बावीसला.

दुपारी
तीस माणसं होती. एकालाही आठवलं नाही? चूक सगळ्यांची.
किल्ली काढून घेतली. डॉन गास्पारेंना दिली. काकू म्हणाल्या, त्यांना गोष्ट ऐकू येत नाही, तेच बरं.

१९ ऑगस्ट
अगाताच्या बाळाला न धुतलेल्या लंगोटाने पुरळ उठलंय. जिन्यात भेटली, तशीच वर निघून गेली. फार वाईट वाटलं. खरंच वाटलं.
उद्या टँकरचं पाणी मी स्वतः तिच्या दारात नेणार. दारात दोन शब्द बोलेन. मनापासून, थोडे नाट्यमय.

२० ऑगस्ट
रांगेत दोन तास. एकेक कॅन वीस लिटरचा, दोन भरले. एका वेळी एकच उचलवला. चार मजले, लिफ्ट नाही. तिसऱ्या मजल्यावर बसले.
अगाताने दार उघडलं. खांद्यावर बाळ, त्याच्या मांड्या लालभडक. कॅन आत ओढून घेतला. मग हळूच म्हणाली, ताई, ती राणी वाचली का हो शेवटी?
बत्तीस वर्षं मी या प्रश्नाची वाट बघत होते. तोंड उघडलं. नुसती धाप.
तिने बाळ दुसऱ्या खांद्यावर घेतलं. मग म्हणाली, राहू द्या, आधी दुसरा कॅन आणा.