आभाच्या सीडीतली रिकामी खोली

बाभुळगाव, १२ फेब्रुवारी २००६

चि. सलील यास,

नरहरचा आशीर्वाद. पुण्याच्या थंडीत तुझा दमा कसा आहे? तुझी ताई बरी आहे. माझी प्रकृती तुझ्या भाचीने, आपल्या आभाने, बिघडवली.

ती तुझ्याकडे राहून चित्रकला शिकते, असे मी शाळेत अभिमानाने सांगत होतो. संक्रांतीला एक सीडी घेऊन आली. आपले घर तिने कॉम्प्युटरवर बांधले आहे (उन्हाळ्यात टेप घेऊन पाटसुद्धा मोजत होती, तेव्हाच मला संशय यायला हवा होता). बारा मिनिटे नुसते घर. माणूस नाही, गोष्ट नाही. पंखा फिरतो, कॅलेंडर हलत नाही. माझी खुर्ची आहे, मी नाही. दारे आपोआप उघडतात आणि आपण मुंगीच्या चालीने आत जातो. अंगावर काटा आला, पण उठवेना. शेजारचा देवराव, ज्याला कीर्तनात डुलकी लागते, तोही डोळे ताणून बसला. सगळी गल्लीच बसली. याला कला म्हणतात म्हणे.

शेवटचे दार आभाच्या खोलीचे. ती खोली वापरात नाही म्हणून दसऱ्यानंतर मी तिथे छतापर्यंत कापूस भरला. भाव चढल्याशिवाय कोणीच विकायचा नाही, असे गल्लीने ठरवले आहे, आणि तो ठराव माझ्याच हातचा (अक्षर चांगले असण्याची शिक्षा). सीडीत मात्र खोली मोकळी. खाट, खिडकी, ऊन.

मंडळी चहा न घेता उठली. सकाळी गल्लीतल्या बाबूसिंगने मला पाहून सायकल वळवली. शेवटी देवराव म्हणाला, "मास्तर, कापूस इकला तं इकला, आमाले काहून नाही सांगतलं?"

मी सांगतो, हे घर खोटे आहे. ते म्हणतात, पंखा खरा, खुर्ची खरी, मग खोलीच तेवढी खोटी कशी? अखेर सगळ्यांना आणून दार उघडले, तर कापूस बदाबदा देवरावच्याच अंगावर आला. आभा चार दिवस बैठकीत सतरंजीवर निजली आणि परत गेली.

तर तिला चांगली खडसाव. सीडी प्रदर्शनात लावणार आहे म्हणे, त्याआधी त्या खोलीत कापूस दाखव म्हणावे. माझ्या अब्रूचा प्रश्न आहे.

तुझा भाऊजी,
नरहर

ता. क. तुझी ताई रोज दुपारी सीडी लावते आणि शेवटच्या दाराशी थांबवून बसते. टीव्ही बिघडेल, ऐकत नाही. काल मीही बसलो.

ता. क. २. खडसावू नकोस. सोमवारी मिळेल त्या भावाने कापूस काढतो आहे. देवरावला कसे सांगायचे, सुचलेले नाही. आभाला सुट्टीत ये म्हणावे. सीडीत खाट खिडकीशी आहे, मला ती भिंतीशी आठवते. कुठे ठेवू, तेवढे तिला विचारून कळव.