गारोवला डोंगरावर धाडण्याविषयी

तीर्थस्वरूप वन्संना नेवेनाचा वाकून नमस्कार.

तुमचा गुडघा बरा असेल, आणि नसला तरी तुम्ही कबूल करणार नाही (हा तुमच्या घराण्याचाच गुण), म्हणून जास्त विचारत नाही. सरकार पडल्याचं, रातोमीरचं मंत्रिपद गेल्याचं रेडिओवर ऐकलंच असेल. महिनाअखेर मंत्र्यांचा बंगला सोडायचाय. त्याचं मला दुःख नाही. इथल्या नळांना कधी धड गरम पाणी आलं नाही. घोर आहे तो गारोवचा. निवडणुकीच्या फोटोसाठी आणलेला हा वासराएवढा कुत्रा बेलग्रेडच्या आमच्या चौथ्या मजल्यावरच्या फ्लॅटमध्ये मावायचा कसा?

त्यात गेल्या आठवड्यात आपल्या घराण्याच्या संत निकोलाचा दिवस, आपला स्लावा, आला. स्लावाला आमंत्रण द्यायचं नसतं, येणारा येतो, आणि यजमानाने बसायचं नसतं, हे तुम्हाला मी काय सांगणार! गेल्या वर्षी फाटकापर्यंत रांग होती, म्हणून रातोमीरने यंदाही तेवढेच मासे तळायला लावले आणि सकाळपासून काळा सूट घालून दाराशी उभा राहिला. संतापुढची मेणबत्ती अर्धी झाली तरी चिटपाखरू फिरकलं नाही. (फाटकाशी गारोव, दाराशी तुमचा भाऊ, दोघांचेही कान टवकारलेले.) शेवटी गारोव भुंकला. आला होता बंगल्याचा ताबा घेणारा कारकून.

"अहो, मी पाहुणा नाही, जादा चाव्या न्यायला आलोय."

"आज उंबरा ओलांडलास ना? मग पाहुणाच. आधी गहू घे," म्हणत रातोमीरने त्याला साखर घातलेला उकडलेला गहू दिला, मासे वाढले. बिचारा घाम पुसत जेवला आणि चाव्या न घेताच पळाला.

मग रातोमीरने गारोवला आत बोलावलं आणि सरकारी ताटात काटे काढून एकेक मासा वाढू लागला. "घ्या साहेब, संकोच करू नका." मला आधी हसू आलं, मग रडू. गारोवला नाही म्हणता येत नाही. तो खात गेला आणि सरकारी गालिच्यावर सगळं ओकला. यजमान उभाच.

"आता तरी बस रे," मी म्हटलं.

"आणि अजून कुणी आलं तर?"

तर वन्सं, हिवाळाभर गारोवला तुमच्याकडे डोंगरावर ठेवून घ्याल का?

तुमची,
नेवेना

ता. क. गारोवला फ्लॅटचं काही नाही, तो कुठेही पाय पसरून झोपतो. ठेवून घ्यायचंय ते तुमच्या भावाला. अजून रोज सकाळी सूट घालून दाराशी जातो, मला बघवत नाही. त्याला लाकडं फोडायला लावा, वाद घाला, आणि चुकूनही मंत्री म्हणू नका.

आणखी एक. त्याला एवढंच सांगितलंय, की कुत्रा एकटा राहायचा नाही, कुणीतरी सोबत हवं. "कुत्र्यासाठी काय, जाईन की," म्हणत त्याने लगेच बॅग भरली. हे पत्र तोच घेऊन येतोय (पाकीट दोनदा चिकटवलंय). वाचून झालं की चुलीत टाका, आणि त्याच्याआधी कुत्र्याची विचारपूस करा.